चौथ्या पातळीतली गुलाबी अळी

मोताळ्यात मतीनला न ओळखणारा माणूस शोधायचा तर नुकताच बदलून आलेला एखादा कारकूनच सापडेल, आणि त्याचाही मोबाइल आठवड्याच्या आत बिघडतोच. बस स्टँडकडून बाजाराकडे येताना हिंमतरावचं कृषी केंद्र लागतं. त्याच्या ओट्यावर, खताच्या पोत्यांच्या आडोशाला, मतीनचं टेबल. टेबल वडिलांचं. वहाबमियाँ घड्याळं दुरुस्त करायचे, डोळ्याला भिंग लावून त्यांनी अर्ध्या तालुक्याची वेळ सांभाळली. घड्याळं गेली, मोबाइल आले, भिंग तेच राहिलं. मतीनची बायको गुलनाज ज्याला त्याला सांगायची, की यानं निकाह माझ्याशी लावला पण संसार पेचकसासोबत मांडला. हे ती त्याच्या समोरच सांगायची आणि तो मान वर न करता "हाव, खरं हाय" म्हणायचा.

मी दुपारभर तिथं बसायचो. म्हाताऱ्याला बसायला सावली आणि ऐकायला दुसऱ्याच्या भानगडी मिळाल्या की आणखी काय लागतं? कोणाच्या मोबाइलात कोणाचा फोटो आहे हे मतीनला सगळं ठाऊक. मी किती खोदून विचारलं, पण त्यानं कधी एक नाव सांगितलं नाही. माझ्या मते त्या माणसात एवढा एकच दोष होता.

दुसरा दोष लोकांच्या मते. वस्तू हातात आली की तिच्यात आपलं काहीतरी घातल्याशिवाय त्याला चैन पडत नसे. उकंडरावांचा फोन त्यानं दुरुस्त करून दिला, तर तिसऱ्या दिवशी एका तेरवीच्या पंगतीत त्यांच्या खिशातून शेळी ओरडली. भटजींनी मंत्र थांबवला. उकंडराव भांडायला आले, चहा पिऊन गेले, आणि शेळी पुढे तीन वर्षं त्यांच्या खिशातच राहिली.

आता खरी गोष्ट. दोन हजार दहाच्या खरिपाआधी एका बियाणं कंपनीनं (नाव घेऊन तिची फुकटात जाहिरात मी करणार नाही) आमच्या भागातल्या प्रत्येक दुकानदाराला एकेक बटणांचा मोबाइल दिला. त्यात एक गेम. नाव ‘कपाशीचा राजा’. गिऱ्हाईक आलं की दुकानदारानं तो गेम ब्लूटूथवरून त्याच्या मोबाइलात पाठवायचा, म्हणजे बियाण्याचं नाव घरोघरी पोचेल. पोचलं. गेममध्ये एक टोपीवाला शेतकरी ट्रॅक्टरवर बसलेला. पाचचं बटण दाबलं की कंपनीचं बी पडायचं. हिरव्या अळ्या यायच्या, पान चावायच्या आणि पोट धरून उताण्या पडायच्या. एकेक बोंड नारळाएवढं फुटायचं. अशा तीन पातळ्या. तिसरी संपली की दारात चारचाकी उभी आणि उंबऱ्यात बायको ओवाळायला. आमच्यापैकी कोणाच्या दारात ती गाडी आली नाही, पण मोबाइलात रोज यायची. ग्रामसभेत ठराव चालू असताना मागच्या रांगेतून बोंडं फुटल्याचा आवाज यायचा.

मतीननं गेम हिंमतरावच्या मोबाइलातून घेतला आणि त्याच आठवड्यात उघडला. गेम म्हणजे बांधलेलं गाठोडं असतं, असं त्यानं मला समजावलं. संगणकावर गाठ सोडायची. आत शेतकरी, ट्रॅक्टर, बोंड, अळी, सगळी चित्रं सुटी पडलेली असतात. एक काढून त्याच नावाचं दुसरं ठेवलं आणि गाठ पुन्हा मारली, की गेमला पत्ता लागत नाही. त्यानं ट्रॅक्टर काढून लाल शिंगांची बैलजोडी लावली. ओवाळणाऱ्या बायकोच्या हातात ताटाऐवजी लाटणं दिलं. ते लाटणं कोणाचं, हे मी सांगायला नको.

पण त्या गाठोड्यात काही चित्रं अशी होती, की ती खेळताना कधी दिसतच नसत. एक चौथं शेत, त्याच्या कडेनं वेगळ्या हिरव्या रंगाच्या पाच ओळी. एक लहानसं पाकीट. एक जाडजूड गुलाबी अळी. आणि एक नुसत्या मजकुराचं चित्र, कारण त्या मोबाइलांना मराठी अक्षरं उमटवता येत नसत, मजकूरसुद्धा चित्र काढूनच दाखवावा लागे; तो वाचायची तसदी आम्ही दोघांनीही घेतली नाही. सोबत पातळ्यांची इंग्रजी यादी होती, तिच्यात तीन चालू आणि चौथी बंद एवढंच आम्हाला कळलं.

"बनवनाऱ्याचं अर्धवट राह्यलं असंन, बापू," मतीन म्हणाला, आणि मीही मान हलवली.

त्या मोबाइलांना मोठा गेम पचत नसे. बैलजोडीला जागा करायची म्हणून मतीननं ते शेत, ते पाकीट, तो मजकूर बाहेर फेकला. गुलाबी अळी तेवढी ठेवली, कारण तिचं अंग भरलेलं होतं आणि तिच्यावर रंगकाम छान बसत होतं. तिला त्यानं चष्मा लावला, झुपकेदार मिशी काढली आणि हिरव्या अळीच्या जागी नेऊन सोडली. म्हणजे हुबेहूब हिंमतराव. पाचचं बटण दाबलं की हिंमतराव पोट धरून उताणे.

पहिल्यांदा हिंमतराव स्वतःच हसले. पुढे तीन महिने दुकानात येणारा प्रत्येक जण आधी त्यांच्या मिशीकडे बघायचा आणि मग युरिया मागायचा, तेव्हा त्यांचं हसू आटलं. पण तोवर सगळा तालुका मतीनच्या टेबलाशी येऊन कंपनीचा गेम काढून हा गेम घालून घेऊन गेला होता. मूळ गेम कोणाकडे उरलाच नाही. आम्हाला ते फार गमतीचं वाटलं.

त्याच बियाण्याच्या प्रत्येक पाकिटात आणखी एक लहान पाकीट असायचं. त्यात साधं, बीटी नसलेलं बी, म्हणजे ज्याच्या झाडात अळीला मारणारं विष नसतं असं. ते कपाशीच्या कडेनं पाच ओळी पेरायचं असतं. अळीला खायला साधी झाडं मिळाली की तिची सगळी जात बीटी पचवायला शिकत नाही. हे आज मी ऐटीत लिहितो आहे. तेव्हा आम्हाला कोणी सांगितलं? पाकिटावर मुंगीच्या पावलाएवढी इंग्रजी अक्षरं होती. हिंमतराव म्हणायचे, ते वरकड बी आहे, जिथं उगवलं नाही तिथं नांग्या भरायला वापरा. कोणी नांग्या भरल्या, कोणी बांधावर भिरकावलं. मी फडताळात ठेवून विसरलो.

सतरा सालच्या दिवाळीनंतर आमच्याकडे काय झालं, ते कपाशी लावणाऱ्या कोणालाही विचारा. बोंडं बाहेरून गुटगुटीत. फोडलं की आत गुलाबी अळी आणि सडलेला, चिकट, पिवळा कापूस. वेचणाऱ्या बायका रिकाम्या ओट्या घेऊन बांधावर बसून राहत. कोकिळाबाईंनी तर अख्खी पाच एकर कपाशी पहिल्या वेचणीतच सोडून दिली. त्यांचे मालक रंगराव मलकापूर रस्त्यावर काळीपिवळी चालवतात. शेत बघायचं ते कोकिळाबाईंनीच, आणि त्यांच्यासारखं स्वच्छ शेत त्या शिवारात दुसरं नव्हतं. त्यांनी आणि आणखी साठएक जणांनी कृषी कार्यालयात बियाण्याविरुद्ध तक्रार दिली.

तक्रार गेली तसा कंपनीचा साहेब आला. हिंमतरावच्या गोदामात सभा भरली. साहेब तरुण, शर्ट इस्त्रीचा, बोलणं लोण्यासारखं. त्यानं पडद्यावर एका शेताचा फोटो लावला आणि म्हणाला, निष्काळजीपणा कसा असतो ते पाहा. शेत कोकिळाबाईंचं होतं. त्या समोर दुसऱ्या रांगेत बसलेल्या होत्या. फोटो काढताना त्यांना कोणी विचारलं नव्हतं. साहेबाचं म्हणणं असं, की कंपनीनं दर वर्षी लहान पाकीट दिलं, दर वर्षी सूचना दिल्या, तुम्ही ऐकलं नाही. अळी तुम्ही तयार केली. मग त्यानं कागद वाटले. पुढच्या आठवडी बाजारच्या दिवशी सही करा, कंपनी शेताची पाहणी करील, नवं बियाणं देईल. मी चष्मा लावून कागद वाचला. खाली, बारक्या अक्षरात: कंपनीने वेळोवेळी दिलेल्या सूचना मी पाळल्या नाहीत.

काय हिंमत आहे पाहा. पीक आमचं जावं, आणि वरून आम्हीच आमच्या हातानं लिहून द्यावं की चूक आमची. एकदा ती सही झाली, की कृषी कार्यालयातली तक्रार रद्दीत गेली म्हणून समजा.

त्या सभेत मागं उभ्या मतीनचा चेहरा मी पाहिला. पेचकस हातातून पडावा तसा तो झाला होता. सभा सुटल्यावर चहाच्या टपरीवर त्यानं सगळ्यांना सांगितलं. पाकीट, पाच ओळी, गुलाबी अळी, सगळं कंपनीनं सात वर्षांपूर्वीच चितारून ठेवलं होतं, आणि दाबून टाकलं होतं. आपण ते डोळ्यानं पाहिलं आहे, म्हणाला.

टपरी हसायला लागली. उकंडराव म्हणाले, "मतीनभाई, ते अळी तं आमी रोज मारत होतो. तिले मिशा होत्या ना बे."

मी साक्ष दिली, तर म्हणाले, बापू तर काय, मतीनच्या चहावरच बसलेले असतात. सात वर्षं लोकांना हसवलेला माणूस खरं सांगायला लागला, की लोक आधी पुढच्या गमतीची वाट पाहतात. हसल्या नाहीत त्या फक्त कोकिळाबाई. कप खाली ठेवून त्या म्हणाल्या, "मिशा यानं काढल्या. अळी कोनं काढली, हे इचारा ना." आणि मतीनकडे वळून, "तुया हात न लागलेला गेम कोनापाशी हाय?"

तिथंच तर सगळं अडलं होतं. पुढचे पाच दिवस मतीननं तालुका पालथा घातला. जुने मोबाइल, दुसऱ्या दुकानदारांचेसुद्धा, कुठं भंगारात गेलेले, कुठं बायकांनी भांडेवालीला देऊन स्टीलची पातेली घेतलेली. जे दोन-चार चालू निघाले त्यांत लाल शिंगांची बैलजोडी ऐटीत उभी. मूळ गाठोडं ज्या संगणकात होतं तो वीज कमीजास्त होऊन कधीच जळालेला. आपली साक्ष त्यानं आपल्याच हातानं, एकेक मोबाइल मागून घेऊन, पुसून टाकली होती.

गुलनाज मला म्हणाली, "जेवून नाही राह्यले हो बापू. म्हंतात, लोकायच्या सह्या मायामुळे होतीन."

आणि शेवटचा मोबाइल त्याच्या डोळ्यांसमोर होता. हिंमतरावच्या दुकानात काचेचं कपाट आहे. त्यात ‘उत्कृष्ट विक्रेता’ ढाल, आणि तिच्याशेजारी तोच कंपनीचा मोबाइल, कुलपात, पाठीवर कंपनीचा कागद चिकटवलेला. मिशीच्या भीतीनं हिंमतरावनी तो मतीनच्या हाती पुन्हा कधी पडू दिला नव्हता. मतीन मागायला गेला. हिंमतराव म्हणाले, कंपनीची वस्तू आहे. कपाटाला हात लावलास तर ओट्यावरून टेबल उचलायचं. त्यांचंही दुकान त्या कंपनीवर चालायचं. शिवाय नांग्या भरा असं सांगणारं तोंड त्यांचंच होतं, ते उघडं पडलं असतं. मतीननं हे सगळं कोकिळाबाईंच्या कानावर घातलं.

बाजारच्या दिवशी साहेबानं आपलं टेबल त्याच ओट्यावर मांडलं. शाईची गादी, कागदांची चळत, समोर रांग. उकंडरावांनी सगळ्यांत आधी अंगठा उठवला. त्यांच्या मागं दहा जणांनी सह्या केल्या. मग कोकिळाबाईंचा नंबर लागला.

"इथे सही करा बाई," साहेब म्हणाला.

"सही होईन सायेब. पयले हिंमतभाऊशी बोलू द्या." त्या दुकानाकडे वळल्या. "हिंमतभाऊ, लहान पाकीट नांग्याले वापरा, असं तुमी मले सांगतलं का नाही?"

हिंमतराव गल्ल्यावरच्या कागदांकडे बघत होते. "सारेच सांगत होते, वहिनी."

"मी भांडाले नाही आली. ते कपाट उघडा."

साहेबाला कसलं कपाट ते कळेना. कळलं तेव्हा तो उठून उभा राहिला, मोबाइल कंपनीच्या मालकीचा आहे म्हणाला.

"सात वर्सं कंपनीले त्याची आठवन नाही आली," कोकिळाबाई म्हणाल्या.

बाजार थांबला होता. मिरच्या विकणारी अन्नपूर्णा तराजू हातात धरून ओट्याच्या पायरीवर आली. हिंमतराव गल्ल्यामागून बाहेर आले. त्यांची स्वतःची कपाशीही अळीनं खाल्ली होती, पण तक्रारीत त्यांनी नाव घातलं नव्हतं. शेवटी ते भिंतीकडे तोंड करून वळले, सदरा वर केला, करदोट्याची किल्ली सोडली आणि कोकिळाबाईंच्या हातावर ठेवली. "मी उघडत नाही," म्हणाले. "तुमी उघडा." व्यापारी माणूस, पुढं कोणी विचारलं तर उत्तर तयार पाहिजे.

मतीन त्या वेळी टेबलामागून उठला आणि ओट्यावरून खाली रस्त्यात जाऊन उभा राहिला. दोन्ही हात पाठीमागं बांधलेले. "मी शिवनार नाही त्याले," म्हणाला. "मले दाखवूबी नका. वंदनाताईच्या दुकानात न्या."

वंदनाचं ऑनलाइन अर्ज भरायचं दुकान समोरच आहे. कोकिळाबाई मोबाइल पदरात धरून पुढं, मागं सगळी रांग, तिच्यामागं साहेब. मोबाइलची बॅटरी फुगून गेलेली; तो चालू होणार नव्हताच. वंदनानं सगळ्यांसमोर त्यातलं नखाएवढं मेमरी कार्ड काढून संगणकाला लावलं. मतीन दाराबाहेर, हात पाठीमागं, तोंडानं सांगत होता: गेमवर दाब, नाव बदलू नको, नुसतं उघड. ज्या माणसानं कोणतीही वस्तू न शिवता सोडली नव्हती, त्याची बोटं पाठीमागं एकमेकांत पिळत होती, ते मी पाहिलं.

पडद्यावर चित्रं आली. टोपीवाला. ट्रॅक्टर. कडेच्या पाच ओळींचं शेत. लहान पाकीट. आणि गुलाबी अळी, बिनामिशीची. चित्रांशेजारी तारीख होती, एप्रिल दोन हजार दहा, म्हणजे बियाणं विकायला यायच्या आधीची. मग वंदनानं मजकुराचं चित्र मोठं केलं आणि वाचलं:

"लहान पाकीट कडेने पाच ओळी पेरा. नाही पेरलं तर अळी बीटी पचवायला शिकेल. मग कपाशी वाचणार नाही."

तीन वाक्यं. इतकी सोपी, की शाळेत न गेलेल्यालाही ऐकून कळावीत. पातळ्यांच्या यादीत इंग्रजीत एक ओळ होती, ती वंदनानं मराठीत सांगितली: पातळी चार बंद, विक्री विभागाच्या सांगण्यावरून.

उकंडराव आपल्या निळ्या अंगठ्याकडे बघत होते. "म्हंजे यायले मालूम होतं," ते हळूच म्हणाले.

साहेब म्हणाला, गेम तयार करताना अशी पुष्कळ चित्रं वापराविना राहतात. ते मनोरंजन आहे, त्याला सूचना कसं म्हणता येईल?

"ह्याले सूचना म्हनता येत नाही, तं मंग तुमी देल्या त्या सूचना कोन्त्या?" कोकिळाबाईंनी विचारलं. "माया शेताचा फोटो लावला तुमी. हे चित्र काऊन नाही लावलं?"

साहेबानं मोबाइल परत मागितला. कोकिळाबाईंनी तो तोवर कार्डासकट पोलक्यात ठेवला होता, आणि तिथून काढून घ्यायची कोणाची छाती नव्हती. उकंडराव ओट्यावर गेले, चळतीतून स्वतःचा कागद शोधला आणि शांतपणे घडी करून खिशात घातला. बाकीच्या दहा जणांनी तेच केलं. साहेब नको नको म्हणत होता, पण अन्नपूर्णा चळतीजवळ तराजू घेऊन उभी होती.

माझं अक्षर बरं, म्हणून पंचनामा मी लिहिला. वंदनानं चित्रं छापून दिली. सह्यांवर सह्या झाल्या, आणि मग अडचण मतीनच्याच लक्षात आली. कार्ड हिंमतरावच्या कपाटातून निघालं, सात वर्षं कुलपात होतं, हे हिंमतरावनी लिहून दिलं नाही, तर कंपनी म्हणणार की मतीननं कालच भरलं. ते म्हणाले तर सगळं खरं, नाहीतर सगळी पुन्हा गंमत.

कागद घेऊन आम्ही दुकानात गेलो. मतीन बाहेरच थांबला. हिंमतरावनी पंचनामा दोनदा वाचला. त्यांना त्यात एक गोष्ट कमी वाटली. त्यांनी पेन मागितला आणि शेवटी स्वतःच्या हातानं भर घातली, ‘लहान पाकीट नांग्यांना वापरा असे मी गिऱ्हाइकांना सांगत होतो, कारण मलाही कंपनीने दुसरे काही सांगितले नव्हते.’ मग सही केली, शिक्का मारला, आणि म्हणाले, "मतीनले सांगा, आत ये. उन्हात उभा हाय कव्हाचा."

पुढच्या खरिपात त्यांची त्या कंपनीची एजन्सी गेली. मतीनचं टेबल आहे तिथंच आहे. तक्रारीचं म्हणाल, तर ती अजून चालूच आहे, आणि माझं डोकं तापतं ते इथं. कुठल्या तरी शहरात कोणीतरी बसून ती अळी काढली, आमच्या भाषेत ती तीन वाक्यं लिहिली. ज्याला सांगायचं होतं त्यानं सांगितलं. आणि विक्रीचा हंगाम बिघडू नये म्हणून दुसऱ्या कोणीतरी एक शब्द लिहून ते बंद केलं. तो शब्द लिहिणाऱ्याला आजवर कोणी एका कागदावर सही करायला सांगितलेली नाही.

कोकिळाबाई दर महिन्याला कृषी कार्यालयात जातात. मागच्या वेळी मीही सोबत गेलो होतो. नव्या कारकुनानं नोंदवहीत लिहून ठेवलं होतं: तक्रारदार सूचना मिळाल्याचे नाकारतात. कोकिळाबाईंनी ते माझ्याकडून वाचून घेतलं. मग वहीवर बोट ठेवून म्हणाल्या, हे खोडा. कारकून म्हणाला, बाई, खोडता येत नाही.

"मंग खाली लिहा," त्या म्हणाल्या. "सूचना कंपनीनं बंद करून ठेवली होती. मोबाइल दाखवला. मी इथं उभी हाय, लिहून होईस्तोवर."

त्याला ते लिहायला बराच वेळ लागला. एकदा चुकला, तेव्हा त्यांनी पुन्हा सांगितलं.